टॉम-जेरीचे कारागीर आणि काटकसरीचा हिशोब



शाळा सुटली की पोरं दप्तर टाकतात आणि टीव्हीपुढे बसतात. मग थोड्या वेळाने आतून आपल्याला नुसता आवाज येतो. भांडी पडल्याचा, दार आपटल्याचा, मांजराच्या किंकाळीचा. बघायला जायची गरजच नसते. आपण चुलीपाशी बसून ओळखतो की टॉम आणि जेरी चालू आहे. एक शब्द न बोलता ही मांजर-उंदराची जोडी आपल्या घराघरांत पोचली आहे.

आज आपण बोलणार आहोत ते ही जोडी घडवणाऱ्या दोन माणसांबद्दल. विल्यम हॅना आणि जोसेफ बार्बेरा. दोघंही अमेरिकेतले. आधी सिनेमासाठी आणि नंतर टीव्हीसाठी त्यांनी कार्टून तयार केली.

तुम्ही म्हणाल, बचत गटाच्या कार्यक्रमात कार्टूनवाल्यांचं काय काम? काम आहे. आपल्या गटांच्या बैठकीत एक प्रश्न वारंवार येतो. ऑर्डर येते, पण भाव कमी मिळतो. मग काय कापायचं? तिखटाचा दर्जा? पिशवीची जाडी? की आपलीच मजुरी? या दोन माणसांच्या पुढे हाच प्रश्न एकदा फार मोठा होऊन उभा राहिला होता. त्यांनी काय कापलं, काय नाही कापलं, आणि पुढे कुठे गाडी घसरली, हे समजून घेण्यासारखं आहे.

आधी माणसं कोण ते बघू. हॅना यांचा जन्म १९१० सालचा, न्यू मेक्सिकोतला. बार्बेरा १९११ सालचे, न्यूयॉर्क शहरातले. त्यांचं कुटुंब इटलीहून आलेलं. दोघं उमेदीत आले तेव्हा अमेरिकेत महामंदी होती. हॅना यांनी कॉलेज अर्धवट सोडलं, बांधकामावर काम केलं, गाड्या धुतल्या. मग १९३० साली एका कार्टून कंपनीत शिरले. बार्बेरा बँकेत हिशोबाचं काम करत आणि उरलेल्या वेळात चित्रं काढून मासिकांना पाठवत. १९३७ साली दोघं हॉलीवूडच्या एमजीएम या मोठ्या चित्रसंस्थेच्या कार्टून विभागात आले आणि तिथे त्यांची जोडी जमली.

जोडी जमली ती कशामुळे? दोघांची कामं वेगळी होती म्हणून. बार्बेरा यांचा हात चित्रात चालायचा. गोष्ट सुचायची, गमती सुचायच्या, झपाझप रेखाटनं व्हायची. हॅना यांना चित्र तितकं जमत नसे, पण त्यांचा कान पक्का. कोणती गोष्ट किती क्षण पडद्यावर राहिली की माणूस हसतो, हे त्यांना नेमकं कळायचं. टॉमची ती प्रसिद्ध किंकाळी आहे ना, ती हॅना यांच्याच आवाजातली. ज्याला जे येतं ते त्याने करायचं, आणि दुसऱ्याच्या कामात उगाच बोट घालायचं नाही. साठ वर्षांच्या आसपास ही भागीदारी टिकली.

त्यांचं पहिलं मांजर-उंदराचं कार्टून १९४० साली आलं. तेव्हा मांजराचं नाव टॉम नव्हतं, जॅस्पर होतं. साहेब लोकांना त्यात काही विशेष वाटलं नाही. मांजर-उंदीर काय, किती वेळा झालंय, असं म्हणून दोघांना दुसऱ्या कामाला लावलं. मग टेक्सासमधून एक पत्र आलं. पत्र लिहिणाऱ्या बेसा शॉर्ट नावाच्या बाई चित्रपटगृहांच्या व्यवसायातल्या होत्या. त्यांनी विचारलं, त्या मांजर-उंदराचं पुढचं कार्टून कधी येणार? एका गिऱ्हाईक बाईच्या पत्रावर साहेबांचं मत फिरलं आणि टॉम-जेरी उभे राहिले. म्हणून आम्ही म्हणतो, माल आवडला तर सांगावं, आणि नाही आवडला तरी सांगावं. बोललेलं कुठेतरी पोचतं.

पुढची सतरा वर्षं दोघांनी हेच काम केलं. ११४ कार्टून झाली. सात वेळा ऑस्कर पारितोषिक मिळालं. पण ते पारितोषिक घ्यायला मंचावर कोण जायचं? विभागाचे प्रमुख, निर्माते फ्रेड क्विम्बी. कार्टून घडवणारे हे दोघं मागेच.

आता हे काम किती कष्टाचं असतं ते सांगतो. सिनेमात एका सेकंदात २४ चित्रं डोळ्यांपुढून सरकतात. सात मिनिटांचं कार्टून म्हणजे ४२० सेकंद. हिशोब करा, १० हजारांहून जास्त चौकटी होतात. एकच चित्र दोन चौकटींना वापरलं तरी हजारो चित्रं हातानेच काढायची. आधी मुख्य चित्रकार मोठ्या हालचाली काढणार, मग मदतनीस मधली मधली चित्रं भरणार. त्यानंतर प्रत्येक चित्र पारदर्शक शीटवर शाईने गिरवायचं, शीट उलटी करून मागून रंग भरायचा, वाळवायची आणि एकेक करून तिचा फोटो घ्यायचा.

हे गिरवण्याचं आणि रंगवण्याचं काम तेव्हाच्या हॉलीवूडमध्ये बहुतेक बायका करत. हात जराही थरथरला तर शीट वाया. रेघ केसासारखी बारीक हवी. एवढं कसबाचं काम, पण पडद्यावर त्यांची नावं सहसा येत नसत. रांगोळीची रेघ ओढणाऱ्या, गोधडीचा टाका सारखा घालणाऱ्या आपल्या बायकांना हे वेगळं समजावून सांगायला नको.

मग १९५७ साल उजाडलं. तोवर अमेरिकेत घराघरांत टीव्ही आला होता आणि चित्रपटगृहं ओस पडू लागली होती. एमजीएमच्या हिशोबनिसांनी वह्या तपासल्या. जुनी कार्टून पुन्हा दाखवली तरी नव्याइतकेच पैसे मिळतात, असं त्यांना दिसलं. मग नवी काढायचीच कशाला? वरून फोन आला आणि विभाग बंद झाला. चित्रकार, शाईवाल्या, रंगवाल्या, सगळे घरी. हॅना आणि बार्बेरासुद्धा. दोघंही पन्नाशीकडे झुकलेले. सात ऑस्करची कार्टून केली, पण टॉमही त्यांचा नाही आणि जेरीही त्यांचा नाही. ते कंपनीचे. हातात राहिलं ते फक्त कसब.

दोघांनी स्वतःची कंपनी काढायचं ठरवलं. नाव कोणाचं आधी? नाणं उडवलं, हॅना जिंकले, म्हणून हॅना-बार्बेरा. भांडण नाही, रुसवा नाही. गटाचं नाव ठरवताना किती तास जातात ते तुम्हाला माहीत आहेच.

गिऱ्हाईक होतं टीव्हीवालं. पण टीव्हीचा भाव ऐका. एमजीएममध्ये सात मिनिटांच्या कार्टूनला ४० हजार डॉलर आणि त्याहूनही जास्त खर्च यायचा. टीव्हीसाठी पाच मिनिटांना मिळणार होते तीन हजार डॉलरच्याही आत. म्हणजे मिनिटामागे पूर्वीच्या दहाव्या हिश्शाहूनही कमी. तुमच्या लोणच्याला शंभर रुपये भाव होता आणि उद्या कोणी म्हणालं दहा रुपयांत द्या, तर तुम्ही काय कराल? बहुतेक जणी पदर झटकून घरी जातील. या दोघांनी होकार दिला. पण होकार देण्याआधी त्यांनी बसून एक विचार केला, आणि आपल्या कामाचा तोच आहे.

त्यांनी विचारलं, बघणारा माणूस नेमका कशासाठी बघतो? आणि आपण नुसतं सवयीने काय करतो?

एमजीएममध्ये असताना त्यांची एक पद्धत होती. पूर्ण कार्टून करण्याआधी मोजकीच चित्रं काढून, ती ठरल्या वेळाप्रमाणे पडद्यावर लावून बघायची. गोष्ट जमते का, हसू येतं का, हे तपासायला. साडी घेण्याआधी पदर खांद्यावर टाकून बघतो, तसं. गंमत अशी की त्या थोड्याशा चित्रांतही गोष्ट कळायची आणि लोक हसायचे. तो कच्चा नमुना त्यांना आता उपयोगी पडला. गोष्ट चांगली असेल, आवाज चांगला असेल, वेळ बरोबर साधली असेल, तर प्रत्येक पाऊल वेगळं काढायची गरज नाही. टीव्हीचा पडदाही लहानच. ही पद्धत काही त्यांनी पहिल्यांदा शोधली नव्हती, त्यांच्या आधीही काही जणांनी कमी चित्रांत कार्टून केली होती. पण तिचा पक्का हिशोब मांडून मोठा धंदा उभा केला तो या दोघांनी.

मग त्यांनी काय केलं? पात्र बोलत असेल तेव्हा अंग तसंच ठेवलं आणि फक्त तोंड बदललं. पात्र चालत असेल तर पायांची तीच तीच चित्रं फिरवली. मागचं दृश्य पुन्हा पुन्हा वापरलं. पुढे योगी नावाचं अस्वल आलं. अंगावर कपडे नाहीत, पण गळ्यात कॉलर आणि टाय. असं का? कारण कॉलर असली की मान आणि धड यांचा सांधा झाकला जातो. खालचं धड तसंच ठेवायचं आणि वरचं डोकं तेवढं बदलायचं. पोरांना वाटतं अस्वल ऐटबाज आहे. खरं म्हणजे ती कॉलर खर्च वाचवायला आलेली.

आणि काय नाही कापलं? आवाज. डॉज बटलर आणि डॉन मेसिक हे दोन कलाकार त्यांनी धरले. एकेक माणूस पाच-पाच पात्रांचे आवाज काढणारा. चित्र कमी हलत असल्यामुळे सगळी मदार आवाजावर आणि बोलण्यावर आली, आणि तिथे त्यांनी हात आखडला नाही. गोष्टीतही नाही. आणखी एक, एमजीएममधून घरी बसलेल्या जुन्या सोबत्यांपैकी बऱ्याच जणांना त्यांनी नव्या कंपनीत बोलावून घेतलं.

यावर नावाजलेले कार्टूनकार चक जोन्स यांनी टोमणा मारला होता. ही कार्टून म्हणजे चित्रं लावलेला रेडिओ आहे, असं ते म्हणत. त्यांना ते कमी प्रतीचं वाटलं. आम्ही रेडिओवर बोलणाऱ्या बाया, आम्हाला काही त्यात फार मोठी निंदा दिसत नाही! नुसत्या आवाजावर माणसाला बसवून ठेवणं सोपं नसतं.

१४ डिसेंबर १९५७ रोजी त्यांची पहिली मालिका टीव्हीवर आली. एक कुत्रा आणि एक मांजर. पुढच्या वर्षी हकलबेरी हाउंड हा निळा कुत्रा आला, आणि १९६० साली त्या मालिकेला एमी पारितोषिक मिळालं. कार्टून मालिकेला हा मान पहिल्यांदाच मिळत होता. या वेळी नाव त्यांच्याच कंपनीचं होतं.

मग त्यांनी मोठं धाडस केलं. संध्याकाळी मोठी माणसं टीव्ही बघतात, त्या वेळेला कार्टून दाखवायचं. अश्मयुगात राहणारं एक कुटुंब. दगडाची गाडी, दगडाचं घर, शेजारी-शेजारणी, नवरा-बायकोची कुरबुर. फ्लिंटस्टोन कुटुंब. बार्बेरा चित्रांचे तक्ते घेऊन न्यूयॉर्कला गेले आणि जवळपास दोन महिने कंपन्यांची दारं झिजवली. प्रत्येक ठिकाणी सगळ्या पात्रांचं सोंग स्वतः करून दाखवायचं. शेवटी एबीसी वाहिनीने होकार दिला. ३० सप्टेंबर १९६० ला मालिका सुरू झाली आणि सहा हंगामांत १६६ भाग झाले. मध्येच, १९६१ साली, शेजाऱ्याचा आवाज काढणारे मेल ब्लँक यांना मोटार अपघात झाला. अंगभर प्लॅस्टर. तेव्हा मायक्रोफोन त्यांच्या खाटेपाशी नेला, पण माणूस सोडला नाही. आवाज कापायचा नाही हे एकदा ठरलेलं होतं.

इथवर गोष्ट गोड आहे. पण आपल्याला अर्धाच हिशोब वाचायचा नाही.

मालिकेला पैसा लागतो आणि तो जाहिरातदार देतात. फ्लिंटस्टोनच्या सुरुवातीच्या जाहिरातदारांत विन्स्टन नावाची सिगारेट होती. त्या जाहिरातीत ही कार्टूनमधली पात्रंच सिगारेट ओढताना दाखवली. मालिका मोठ्यांसाठी होती हे खरं, पण कार्टून म्हटल्यावर पोरं बघणारच. पैसा कुणाकडून घ्यायचा आणि कुणाकडून नाही, हाही हिशोबाचाच भाग असतो. तो तिथे चुकला असं आम्हाला वाटतं.

पुढे शनिवारी सकाळी पोरांसाठी कार्टून दाखवायची पद्धत पडली. मागणी वाढली. हॅना-बार्बेरा यांची कंपनी धडाधड माल काढू लागली. १९६६ च्या अखेरीला त्यांनी ती एका मोठ्या कंपनीला विकली, पण कारभार हे दोघंच बघत राहिले. तेव्हाच्या मालिकांत मारामारी फार वाढली. मग १९६८ साली मॅसॅच्युसेट्स राज्यात काही आया एका घरात जमल्या. पुढाकार होता पेगी चॅरेन या बाईंचा. आपली मुलं टीव्हीवर काय बघतात आणि त्यांना काय काय विकलं जातं, यावर त्यांनी गट केला. पत्रं लिहिली, सरकारदरबारी अर्ज केले, सुनावण्यांना गेल्या. अशा पालकांच्या रेट्यामुळे वाहिन्यांना मारामारी कमी करावी लागली. १९६९ साली आलेला स्कूबी-डू हा भित्रा कुत्रा त्याच बदलातून आला. भुताला घाबरणारा, आणि शेवटी भूत म्हणजे मुखवटा घातलेला लबाड माणूसच निघतो. या आयांचं काम पुढे चालूच राहिलं, आणि १९९० साली अमेरिकेत मुलांच्या टीव्हीबद्दल कायदा झाला. सुरुवात घरातल्या बैठकीतून झाली होती, हे लक्षात ठेवा.

आता दुसरी बाजू. खर्च कापायची सवय एकदा लागली की ती थांबत नाही. पहिल्यांदा चित्रं कापली, ते शहाणपणाचं होतं. मग एकाच साच्याच्या गोष्टी पुन्हा पुन्हा निघू लागल्या. चार पोरं आणि एखादा बोलणारा प्राणी, नाव तेवढं बदलायचं. जी गोष्ट कापायची नाही म्हणून धंदा उभा राहिला, तिलाच कात्री लागली. मग काम स्वस्त पडतं म्हणून ऑस्ट्रेलिया, तैवान अशा ठिकाणी जाऊ लागलं. हा रिवाज त्या धंद्यातल्या अनेक कंपन्यांनी धरला. हॉलीवूडमधल्या चित्रकारांचं, गिरवणाऱ्या-रंगवणाऱ्या बायकांचं काम जाऊ लागलं. १९७९ साली आणि पुन्हा १९८२ साली त्यांच्या संघटनेने संप केला. दुसरा संप त्यांना जिंकता आला नाही.

विचार करा. १९५७ साली एका फोनवर ज्यांची नोकरी गेली, त्यांच्याच कंपनीच्या दारात पंचवीस वर्षांनी कामगार काम मागत उभे राहिले. हॅना-बार्बेरा वाईट माणसं होती असं आम्ही म्हणत नाही. हजारो लोकांना त्यांनी रोजी दिली, जगभरच्या पोरांना हसवलं. हॅना २००१ साली गेले, बार्बेरा २००६ साली. अखेरपर्यंत दोघं कामात होते. पण हिशोबाच्या वहीत माणसाची मजुरी हा नुसता एक आकडा झाला की असं होतं, मालक चांगला असला तरी.

म्हणून आता आपल्या वहीकडे येऊ. आम्ही गटागटांत फिरतो तेव्हा पापडाच्या, शेवयांच्या, मसाल्याच्या किमतीचा हिशोब बघतो. डाळ लिहिलेली असते, तेल लिहिलेलं असतं, पिशवी, लेबल, गाडीभाडं सगळं असतं. एक ओळ बहुतेक ठिकाणी नसते. आपली मजुरी. बाई सकाळपासून लाटते, ते धरलेलंच नसतं. आणि जे वहीत धरलेलंच नाही ते सगळ्यात आधी कापलं जातं, कापलं गेलं हे कुणाला कळतही नाही. व्यापारी म्हणतो दर दहा रुपयांनी कमी करा, आणि आपण करून टाकतो. ते दहा रुपये कुठून गेले? आपल्या पाठीतून, आपल्या मनगटातून.

पुढच्या बैठकीत एक काम करा. वहीत तीन रकाने पाडा. पहिल्या रकान्यात लिहा, गिऱ्हाईक आपला माल कशासाठी घेतं? चव, ताजेपणा, स्वच्छता, जे असेल ते. याला हात लावायचा नाही. दुसऱ्या रकान्यात लिहा, आपण नुसतं सवयीने काय करतो, जे कमी केलं तरी गिऱ्हाइकाला फरक पडणार नाही? तीन वेळा बाजाराला जाणं, दोन-दोन पिशव्या घालणं, प्रत्येकीने वेगळा गॅस पेटवणं. इथे पाहिजे तेवढी कात्री लावा. योगीची कॉलर इथली. तिसऱ्या रकान्यात कोण किती तास बसली आणि त्याची मजुरी किती, ते लिहा. तासाला किती धरायची ते सगळ्या जणींनी मिळून ठरवा. भाव ठरवायला कोणी आलं की हा तिसरा रकाना उघडा ठेवून बोला. दुसरा रकाना संपल्यावरही भाव परवडत नसेल, तर ती ऑर्डर आपली नाही असं म्हणायची तयारी ठेवा.

आणि संध्याकाळी पोरांबरोबर दहा मिनिटं बसा. योगी किंवा फ्लिंटस्टोन लागलं असेल तर त्यांना विचारा, या अस्वलाच्या गळ्यात कॉलर का? धावताना मागे तेच झाड किती वेळा येतं? पोरं मोजतील, तुम्हीही मोजा.

तुमच्या गटाने तीन रकाने भरले की आम्हाला कळवा. पुढच्या कार्यक्रमात त्यावर बोलू.